कपाटावरचा बिननावाचा लघुग्रह

माझ्या डाव्या कुशीवर अंगठ्याचा एक ठसा आहे. लांबी अठरा मिलिमीटर, रुंदी चौदा, आणि सगळ्यात खोल जागी खोली जेमतेम दोन. वरच्या कडेला अर्धचंद्रासारखी एक बारीक रेघ आहे, ती नखाची. प्रेमिलाबाई दर वर्षी एका ठरलेल्या दिवशी मला खाली काढतात आणि व्हर्निअर कॅलिपरने हा ठसा मोजतात. आजवर दहा वेळा मोजला. दहाही वेळा आकडा तोच आला. तो बदलणार नाही, हे त्यांना पहिल्या वर्षीच माहीत होतं.

मित्रांनो, मी एक जुना लघुग्रह आहे. खरं सांगायचं तर लघुग्रहाची कागदाच्या लगद्याची प्रतिकृती आहे. खरा लघुग्रह मंगळ आणि गुरू यांच्या मधल्या पट्ट्यात फिरतो. मी नागपुरात, प्रतापनगरातल्या दोन खोल्यांच्या घरात, लोखंडी कपाटाच्या माथ्यावर एका स्वेटरात गुंडाळलेला असतो. त्या खऱ्याकडे हवा नाही, त्यामुळे आवाजही नाही. म्हणून आम्हा दोघांच्या वतीने मीच बोलतो.

आधी त्याचं सांगतो. कोट्यवधी वर्षांपूर्वी कुठला तरी मोठा पिंड टकरीत फुटला आणि त्याचा हा एक तुकडा उरला. लांबी सुमारे दोन हजार सहाशे मीटर, रुंदी सोळाशे. सूर्यापासून पृथ्वी जितकी दूर आहे त्याच्या दोन पूर्णांक सदतीस शतांश पट अंतरावरून तो फिरतो, आणि त्याच्या एका फेरीला आपली तीन वर्षं आठ महिने लागतात. स्वतःभोवती मात्र तो सात तास बारा मिनिटांत वळतो. रंगाने कोळशासारखा. त्याच्यावर शंभर भाग ऊन पडलं तर तो पाच भाग परत पाठवतो आणि पंच्याण्णव ठेवून घेतो. एवढं करूनही त्याच्या अंगाचं सरासरी तापमान उणे नव्वद अंशांच्या आसपास राहतं. हा आकडा लक्षात ठेवा. माझी सगळी गोष्ट या आकड्यापाशी अडली आहे.

त्याला पहिल्यांदा पाहिलं ते दोन मुलींनी. पायल आणि मोनाली नववीत होत्या, वर्ष दोन हजार अकरा. त्यांच्या शाळेत लघुग्रह शोधायचा उपक्रम आला होता. दूरदेशीच्या मोठ्या दुर्बिणीने आकाशाच्या एकाच तुकड्याची काही मिनिटांच्या अंतराने चार छायाचित्रं घ्यायची, आणि मुलांनी ती संगणकावर एकामागून एक भराभर फिरवून पाहायची. तारे जागचे हलत नाहीत. जो ठिपका हलतो, तो आपला. दोघी एकाच खुर्चीवर अर्ध्या अर्ध्या बसून रोज शाळा सुटल्यावर ठिपके पाहत. एकविसाव्या दिवशी पायलने पडद्यावर बोट ठेवलं आणि मोनालीने जागा नोंदवली. पुढे कितीतरी वेधशाळांनी तो ठिपका पुन्हा पुन्हा पाहिला, त्याची कक्षा बसवली, त्याचा उजेड कमीजास्त होतो तो मोजला. एका वळशात उजेड दोनदा वाढतो आणि दोनदा घटतो, म्हणजे तो गोल नाही, लांबोडका आहे, एवढं त्यावरून कळलं.

तेवढ्यावरून मी झालो. दोन हजार पंधराच्या दिवाळीच्या सुटीत. पायल तेव्हा बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला होती. प्रेमिलाबाई एका महाविद्यालयाच्या रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत सहायक. काचेची भांडी, तराजू, द्रावणं हे त्यांचं रोजचं काम. पण माझ्या अंगातला लगदा त्यांच्या आईकडचा आहे. जुनी वर्तमानपत्रं तीन दिवस भिजवायची, मेथ्या वाटून त्यात घालायच्या आणि हाताने मळायचं. पूर्वी या लगद्याने सुपं आणि टोपल्या लिंपत. मायलेकींनी त्यातून मला घडवलं. एक सेंटिमीटर म्हणजे शंभर मीटर, असं माप धरलं होतं.

पायलचे वडील भैय्याजी कामठीला यंत्रमागावर कामाला. संध्याकाळी घरी आले आणि मला पाहून दारातच थांबले.

"हे काय वं? रताळं?"

"लघुग्रह आहे बाबा."

"एवढं मोठं रताळं तर कामठीच्या बाजारातही नाही येत." त्यांनी मला बोटाने टोचून पाहिलं. "बरं, याच्यावर मी उभा राह्यलो तर माझं वजन किती भरीन?"

पायलने वहीच्या मागच्या पानावर हिशेब केला. "तीन ग्रॅम. सहा शेंगदाणे म्हणा ना. आन् तिथं उडी मारली तर परत खाली येणार नाही तुमी."

"बाप्पा! मंग तुझ्या आईले सांग, रागावली का मले तिकडंच पाठवजो."

"इथं उडी मारा आधी," प्रेमिलाबाई म्हणाल्या. "दूध आणाले जा."

त्या हसण्यात पायलचा अंगठा माझ्या ओल्या अंगात रुतला.

"पाह्य, ठसा उमटला," प्रेमिलाबाई म्हणाल्या. "पुसून घे."

"राहू दे ना वं आई. खड्डा आहे तो. एकशे ऐंशी मीटरचा."

"पुरावा आहे का त्याले?"

"नाही. पण तिथं खड्डा नाही, याचा तरी कुठं आहे?"

प्रेमिलाबाईंनी विचार केला आणि ठसा ठेवला. काजळी आणि डिंकाने मला काळं केलं. वाळल्यावर माझं वजन चारशे बारा ग्रॅम भरलं. पावसाळ्यात ते चारशे वीसवर जातं. कागद हवेतलं पाणी पितो. महाविद्यालयातल्या प्रदर्शनात मला काचेच्या पेटीत ठेवलं होतं. लोक रांगेने येत, आणि मोनाली दोरीने मला फिरवून उजेड कसा घटतो ते दाखवी. ते तीन दिवस माझ्या आयुष्यातले सगळ्यात चांगले दिवस.

आता पायलच्या दुखण्याचं सांगायला हवं. तिला सिकलसेल होता. आमच्याकडे कितीतरी घरांत तो आहे. आईवडील दोघांच्याही रक्तातून त्याचा अर्धा अर्धा वाटा आला तर मूल आजारी होतं. रक्तातल्या गोल पेशी वाकड्या होतात आणि बारीक नसांत अडकतात. मग जिथं अडकतात तिथं असह्य दुखतं. थंडी लागली की अडकतात. अंगातलं पाणी कमी झालं की अडकतात. म्हणून प्रेमिलाबाई दिवाळीपासूनच पायलला स्वेटर घालायला लावत आणि पाणी मोजून पाजत. तिच्या बाटलीवर त्यांनी न पुसणाऱ्या शाईने रेघा मारल्या होत्या आणि प्रत्येक रेघेपाशी वेळ लिहिली होती. तेवढ्या वाजेपर्यंत पाणी तेवढं खाली गेलंच पाहिजे.

त्या डिसेंबरात लघुग्रह पृथ्वीच्या जवळात जवळ येणार होता. महाविद्यालयाची आकाशदर्शनाची सहल रामटेकच्या टेकडीवर निघाली.

"तिथून दिसणार नाही तो," प्रेमिलाबाई पिशवी भरता भरता म्हणाल्या. "विसाव्या प्रतीचा आहे, एवढा अंधुक. तुमच्या दुर्बिणीतून चौदाच्या पुढचं काही दिसते का?"

"नाही दिसत. माहीत आहे मले."

"मंग काहून चालली?"

"ज्या बाजूले आहे, तिकडं एकदा नीट पाह्यतो. एवढंच."

एवढंच. प्रेमिलाबाईंनी दोन स्वेटर दिले, मफलर दिला, औषधाच्या गोळ्या दिल्या, आणि लिटरची बाटली काठोकाठ भरून दिली. तिच्यावर नव्या रेघा होत्या. सहा, आठ, दहा, बारा. पायल जाताना कपाटाकडे वळून मला म्हणाली, "तुले भेटून येतो." मी कागदाचा. काय बोलणार?

सकाळी ती आली तेव्हा तिला नीट बसवत नव्हतं. आधी पाय, मग पाठ, मग छाती. भैय्याजी रिक्षा घेऊन आले. दवाखान्यात चार दिवस गेले. पाचव्या दिवशी घरात माणसं मावेनात. सगळ्यांनी मिळून तिच्यासाठी बुद्धवंदना म्हटली. मी कपाटावरून एकेक आवाज ओळखत होतो, आणि एक आवाज त्यात सापडत नव्हता.

पुढच्या जूनमध्ये पत्र आलं. लघुग्रहाची कक्षा पक्की ठरली होती आणि त्याला कायमचा क्रमांक मिळाला होता. आता त्याला नाव देता येणार होतं. मित्रांनो, लघुग्रहांना नावं देणाऱ्या जागतिक संस्थेचा नियम असा: क्रमांक मिळाल्यापासून दहा वर्षं नाव सुचवायचा मान शोधणाऱ्यांचा. नाव सोळा अक्षरांच्या आत हवं, आणि ते का, याची दोन ओळींत माहिती हवी. दहा वर्षांत सुचवलं नाही तर तो मान जातो.

मोनालीने त्याच दिवशी येऊन सांगितलं, "काकू, पायलचं नाव देऊ." प्रेमिलाबाई म्हणाल्या, "आत्ता नोको." पुढच्या वर्षीही तेच म्हणाल्या. त्याच्या पुढच्या वर्षी मोनालीने विचारलं नाही, नुसती येऊन बसली. त्यांनी हो म्हटल्याशिवाय ती अर्ज पाठवणार नव्हती, आणि त्या हो म्हणत नव्हत्या. कारणही सांगत नव्हत्या. एका हिवाळ्यात मात्र त्यांनी पायलचा मरून रंगाचा स्वेटर काढला, मला त्यात गुंडाळलं, बाह्यांची गाठ मारली आणि परत वर ठेवलं.

तेव्हापासून मी असा आहे. काजळी उडाली, एका टोकाला कसर लागली, आतली दोरी कुजली. वर्षातून एक दिवस सोडला तर कुणी मला उजेडात आणत नाही. भैय्याजी तेवढे येता-जाता मान वर करून म्हणतात, "काय रताळ्या, बरा आहेस ना गा?" कधी कधी ते उत्तराची वाट पाहत थोडे थांबतात. दरम्यान तो खरा तिकडे पायलवाचून सूर्याभोवती पावणेतीन वेळा फिरला. त्याला नाव नाही, याचं त्याला काही वाटत नसेल. मला वाटतं.

आणि मग या फेब्रुवारीत, एका दुपारी, मोनाली आली. ती आता कामठीच्या एका महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवते. शेअर ऑटोने आली होती, केसांवर धूळ होती.

"जय भीम, काका."

"जय भीम. ये वं पोरी. रताळं पाहाले आली का?"

ती हसली नाही. प्रेमिलाबाई खाली बसून हरभऱ्याचे घाटे सोलत होत्या. मोनाली त्यांच्यासमोर बसली आणि तीही सोलू लागली.

"चार महिने राह्यले, काकू. जूनमध्ये मुदत संपते."

"तू ठरव ना. तुझाही तेवढाच हक्क आहे."

"मी तर दहा वर्षं झाले ठरवून. तुमी काहून हो म्हणत नाही, एवढं सांगा आज. नाही म्हणाले तरी चालते."

प्रेमिलाबाईंचे हात थांबले. "तिथं तापमान किती असते?"

"उणे नव्वद."

"नागपूरच्या पंधरा अंशाले पाय दुखत होते तिचे. मी तिले मे महिन्यातही आंघोळीले कोमट पाणी दिलं. आन् तू म्हणून राह्यली, त्या उणे नव्वदात तिचं नाव ठेवा. जिथं पाणी नाही, हवा नाही." त्यांचा आवाज कधी चढत नाही, तेव्हाही चढला नाही. "जे तिले सोसत नव्हतं, तेच सगळं आहे तिथं. नाव म्हणजे निरा कागद नाही वं. हाक मारतो आपण त्यानं."

मोनालीने हातातला घाटा ताटात ठेवला.

"काकू, मले एक सांगायचं आहे."

"सांग."

"रामटेकले... मीच तिले म्हणलं होतं, पाणी नोको पिऊ जास्त. वर बायांसाठी सोय नव्हती. सगळे पोट्टे होते, सर होते, अंधार होता. मी म्हणलं, आपण दोघी सकाळपर्यंत कळ काढू. तिनं बाटली बंद करून ठेवली." तिने ताटातला घाटा पुन्हा उचलला. "मी पण नाही पेली. पण मले काही झालं नाही."

प्रेमिलाबाई उठल्या. त्यांनी हात धुतले, पदराला पुसले, आणि स्वयंपाकघरातल्या मांडणीच्या मागून एक प्लास्टिकची बाटली काढून आणली. रेघा अजून स्पष्ट होत्या. सहा, आठ, दहा, बारा.

"पिशवीतून काढली तेव्हा पाणी या रेघेवर होतं. सहाच्या. मले त्याच दिवशी कळलं."

मोनालीने त्या रेघेवर बोट ठेवलं. "मंग मले काहून नाही विचारलं?"

"आधी वाटलं, तू सांगशील. मंग वाटलं, नोको सांगू. तू सांगतलं असतं, तर मलेही माझं सांगा लागलं असतं."

"तुमचं काय?"

"मी रेघा मारल्या." प्रेमिलाबाईंनी बाटली जमिनीवर सरळ उभी केली, प्रयोगशाळेत चंचुपात्र ठेवतात तशी. "किती वाजता किती पाणी, सगळं मोजलं. पण त्या टेकडीवर पोरींले जायची सोय आहे का, एवढं एक नाही विचारलं. सरले एक फोन करायचा होता मले. रेघा मारल्या म्हणजे पाणी पोटात गेलं, असं समजून बसली मी."

भैय्याजी दारापाशी उभे होते. आत गेले, माठातलं पाणी दोन पेल्यांत भरून आणलं आणि दोघींसमोर ठेवलं.

"पेऊन घ्या. दोघीही."

दोघी पाणी प्यायल्या. पेले रिकामे होईपर्यंत ते तिथून हलले नाहीत.

मित्रांनो, मला जे मागायचं आहे ते मी इथंच मागतो, कारण यापुढची गोष्ट त्या दोघींची आहे. सहलीला निघाल तेव्हा बसची वेळ विचारता, डब्याचं विचारता. तिथं मुलींसाठी सोय आहे का, हेही विचारा. लाजू नका, मोठ्याने विचारा. आणि आपल्यातल्या कुणाला थंडी सोसत नसेल, पाण्यावाचून चालत नसेल, तर ते लक्षात ठेवण्याचं काम त्याच्या एकट्या आईवर टाकू नका. माझ्यासारख्या कागदाच्या वस्तूला कसर लागली तरी फार बिघडत नाही. माणसाचं तसं नसतं.

पेला खाली ठेवल्यावर मोनाली हळूच म्हणाली, "पाणी नाही असं नाही, काकू. असे काळे लघुग्रह असतात ना, त्यांच्यातल्या कितीतरी दगडांत पाणी असते. वाहणारं नाही. दगडाच्या आत बांधलेलं."

"आपल्याच्यात आहे?"

"असू शकते."

"वर्णपट घेतला का कोणी त्याचा?"

"नाही. फार अंधुक आहे."

"मंग 'असू शकते' एवढंच म्हणजो. 'आहे' नोको म्हणू." प्रेमिलाबाईंनी डोळे पुसले. मग नवऱ्याकडे पाहिलं. "काढा त्याले खाली."

भैय्याजींनी स्टूल आणलं. त्यांनी मला दोन्ही हातांनी उचललं, आणि या वेळी रताळं म्हणाले नाहीत. प्रेमिलाबाईंनी मला मांडीवर घेतलं. स्वेटरच्या बाह्यांची गाठ घट्ट बसली होती. ती सोडवायला त्यांना वेळ लागला. पण त्यांनी मोनालीला हात लावू दिला नाही. गाठ सुटली. दुपारचं ऊन खिडकीतून माझ्या डाव्या कुशीवर पडलं. आज त्यांनी कॅलिपर आणलं नाही. त्यांनी स्वतःचा अंगठा त्या ठशावर ठेवला. तो त्यात मावला नाही.

मग त्यांनी स्वेटरची घडी घातली, एकावर एक बाही नीट बसवून, आणि ती बाजूला ठेवली.

"लिही," त्या मोनालीला म्हणाल्या. "पायलचं नाव दे त्याले. थंडीचं भेव नाही आता तिले."